अरंट नावाची माती

टाय लावलेला, डॉक्टरेट झालेला पन्नाशीचा माणूस ऑफिसच्या टेबलावर कागदाची पुडी सोडतो, त्यातली चिमूटभर माती दाढेखाली धरतो आणि डोळे मिटून चघळतो, हे मी चंदीगडला नोकरीवर रुजू झाले त्याच दिवशी पाहिलं. मी दारात उभी. हातात नेमणुकीचा कागद.

"चिकणमाती दाताला लागत नाही, लोण्यासारखी जाते," डोळे न उघडताच ते म्हणाले. "वाळू करकरते. हे मधलं आहे, गाळ. खाऊन पाहते?"

मी नको म्हटलं.

"मग नकाशा कसा काढशील बापा?" त्यांनी खरोखरच काळजीनं विचारलं.

सेक्टर चौतिसातल्या एका इमारतीत आमचं माती सर्वेक्षणाचं ऑफिस होतं. मी तिथं ड्राफ्ट्समन. बाई असले तरी पदाचं नाव ड्राफ्ट्समनच. हे माती चघळणारे साहेब गावोगाव फिरून, खड्डे घेऊन, माती तपासून यायचे. त्यांनी आणलेल्या कागदांवरून मी नकाशावर रेषा ओढायची: अलीकडे ही माती, पलीकडे ती. मी साताऱ्याची, ते वर्ध्याकडचे. "काय करून राहिली?" असं विचारत माझ्या टेबलाशी येऊन उभे राहायचे. मी त्यांच्या 'करून राहिली'ला हसायची. ते म्हणायचे, "तुमच्या साताऱ्याकडे क्रियापदालाही घाई. आमचं कसं, कामही रमतगमत अन् क्रियापदही."

ऑफिसात आणि बाहेरही सगळे त्यांना डॉक्टरसाहेब म्हणत. ह्याचा त्यांना ताप होता. चंदीगडमधली निम्मी मराठी माणसं मोठ्या इस्पितळात डॉक्टर, त्यामुळे नव्यानं बदलून आलेलं एखादं कुटुंब मराठी मंडळाच्या गणपतीत भेटलं की हमखास ह्यांच्यापुढे पोटदुखी मांडायचं. ते शेवटपर्यंत ऐकून घेत. मधूनमधून "जेवणाआधी की नंतर?" असंही विचारत. मग "ओवा खा आणि डाव्या कुशीवर झोपा" असं सांगून टाकत. काकू, म्हणजे त्यांच्या पत्नी, चिडायच्या. "कोणी मरून जाईन न एखाद्या दिवशी!" त्यावर ते म्हणत, "ओव्यानं मेल्याचं ऐकलं नाही."

मातीचे रंग ठरवायचं एक पुस्तक असतं. पानोपानी रंगांचे चौकोनी तुकडे चिकटवलेले आणि त्यांच्या मध्ये भोकं. भोकामागे माती धरायची आणि कुठल्या तुकड्याशी जुळते ते पाहायचं. हे पुस्तक पत्र्याच्या डब्यात घालून ते सगळीकडे नेत. ऑफिसच्या चहावाल्याला त्यांनी ह्या पुस्तकानं जेरीस आणलं होतं. ग्लास भोकामागे धरून "आज एक पायरी फिका" असा निकाल ते द्यायचे आणि चहा परत पाठवायचे. काकूंबरोबर सेक्टर बावीसमध्ये पडद्याचं कापड घ्यायला गेले तेव्हाही पुस्तक काढलं. कापड भोकामागे धरून दुकानदाराला म्हणाले, "यह तो जालंधर की मिट्टी है जी, ऊपर वाली." दुकानदार म्हणाला, "बाऊजी, परदे लेने हैं के ज़मीन?" काकू तशाच रिकाम्या हातानं घरी आल्या.

पण त्यांचं खरं वेड नावांचं. मातीच्या जातींची इंग्रजी नावं म्हणजे तोंडात खडे भरून बोलल्यासारखी. मला ती पाठ होईनात. एके दिवशी त्यांनी खुर्ची ओढली आणि सांगितलं, "हे शब्द कोणाच्या आजीनं ठेवलेले नाहीत. अमेरिकेतल्या मातीवाल्यांनी ग्रीक-लॅटिन जाणणाऱ्या माणसाला बरोबर घेऊन ते पाडून घेतले, टांकसाळीत नाणी पाडतात तसे. म्हणून पाठ करायचे नाहीत, शेपटीकडून सोडवायचे." मग कागदावर त्यांनी पंजाबातली सगळ्यात जास्त आढळणारी माती लिहिली. अस्टोक्रेप्ट. "शेवटचं 'एप्ट' म्हणजे सुरुवात, नुकती घडायला लागलेली. त्याच्या आधी 'ओक्र' म्हणजे फिकट. त्याच्या आधी 'अस्ट' म्हणजे जळलेली, उन्हानं तापलेली. आता वाच." मी वाचलं: जळलेली, फिकट, सुरुवात. "पाहा," ते म्हणाले, "अख्खा पंजाब आला की नाही?"

त्यांच्या गावाकडच्या काळ्या मातीचं नाव व्हर्टिसॉल. लॅटिनमध्ये उलटणं, फिरणं, त्यावरून. ह्या नावावर ते तासभर बोलू शकत आणि बोलतही. एका गणेशोत्सवात मंडळानं त्यांना पाच मिनिटं दिली होती. उन्हाळ्यात काळी फाटते, वरची ढेकळं भेगांत पडतात, पावसात माती फुगून खालचं वर येतं, अशी ती स्वतःच स्वतःला नांगरते, हे ते हातवारे करून सांगत राहिले. पुढं बसलेली पोरं, ज्यांना मराठी कळायची पण बोलायला लाज वाटायची, कुजबुजू लागली. शेवटी एकजण उठून म्हणाला, "अंकल, बस भी करो ना, प्रसाद ठंडा हो रहा है." डॉक्टरसाहेब सगळ्यांत मोठ्यानं हसले.

अरंट हा शब्द मी पहिल्यांदा ऐकला तो त्यांच्या क्वार्टरच्या हिरवळीवर. चंदीगडच्या सरकारी क्वार्टरांत लोक गुलाब लावतात. ह्यांनी खड्डा खणला. काकूंनी मला हाक मारून नेलं, की तू तरी सांग. मी गेले तर साहेब छातीपर्यंत खड्ड्यात उभे आणि खुशीत. खड्ड्याच्या भिंतीत विटेचे तुकडे होते, फुटक्या मडक्याचा काठ होता, पिवळा गोळा वर आणि काळपट माती खाली, कशाचा कशाला मेळ नव्हता.

"अरंट!" त्यांनी जाहीर केलं. "शेपटीकडून सोडव. 'एन्ट' म्हणजे इंग्रजी 'रीसेन्ट'चं शेपूट, कापून घेतलेलं. नुकती. 'अर' म्हणजे लॅटिन नांगरणं. नुकती नांगरलेली. पण नांगर इतका खोल जात नाही. हे माणसाचं काम. थर होते, ते मोडून खालचं वर अन् वरचं खाली झालं. तुकडे सगळे तिथलेच, पण एकही आपल्या जागी नाही. शहर करायला इथली गावं उठवली, टेकाडं सपाट केली अन् त्यावर गुलाब लावले. आपण सगळे अरंटवर राहून राहिलो."

मी विचारलं, आपल्याकडे ह्याला 'भर' म्हणतात तेच का हे? ते म्हणाले, "नाही. भर बाहेरून आणून टाकलेली असते. ही तिथलीच असते, म्हणून तर दुःख." थोड्या दिवसांनी वसाहतीच्या ऑफिसातून खड्डा बुजवण्याची नोटीस आली. त्यांनी तो बुजवला, आणि काकूंना गुलाब आणून दिले.

ही गमतीची बाजू झाली. दिवस गमतीचे नव्हते. पंजाबात ती अतिरेकी आणि पोलीस यांच्यातल्या मारामारीची वर्षं. सकाळचा पेपर उघडायची भीती वाटे. आज अमुक गावाजवळ बस थांबवून, आज तमुक पुलावर. संध्याकाळी दिवेलागणीला बाजार ओस. बसमध्ये, सिनेमाला, जिथं तिथं पाट्या, की लावारिस, म्हणजे बेवारस, वस्तूला हात लावू नका. त्यात आमचं काम गावोगाव जाऊन खड्डे खणायचं! नाक्यानाक्यावर जीप थांबवत. आमच्याकडे मातीत फिरवायचं एक लांब लोखंडी गिरमिट होतं, ऑगर म्हणतात त्याला. गोणपाटात गुंडाळलेलं ते गिरमिट पाहिलं की जवान आधी बंदूक रोखायचा आणि मग प्रश्न विचारायचा. डॉक्टरसाहेब उतरून त्याला रंगांचं पुस्तक दाखवू लागत. आमचा ड्रायव्हर गुरमेल सिंग कपाळाला हात लावी.

बाकीच्या सर्वेक्षकांनी ह्या काळात एक सोपी युक्ती काढली होती. खड्ड्याची जागा ऑफिसातच, विमानातून घेतलेल्या फोटोवर टिंब देऊन ठरते. ते टिंब अडचणीच्या जागी पडलं की खड्डा सडकेजवळ सरकवायचा. कोण बघतंय? डॉक्टरसाहेब सरकवत नसत. "सोयीच्या जागी खड्डा घेतला तर नकाशा सोयीचा होते. शेतकऱ्याला तर गैरसोयीच्या जागीही पेरावं लागते." एकदा टिंब एका निवृत्त सुभेदाराच्या सरसोंच्या शेताच्या ऐन मध्यावर पडलं. सुभेदारानं कुत्री सोडली. हे बांधावर बसून राहिले. दुपारपर्यंत सुभेदारानं लस्सी पाजली आणि संध्याकाळी स्वतः फावडं घेतलं.

खड्डा बुजवण्याचीही त्यांची पद्धत होती. आमचा खड्डा पुरुषभर खोल आणि माणूस आडवा मावेल एवढा लांब. प्रत्येक थराची माती वेगळ्या गोणपाटावर काढायची. काम झालं की तळातली आधी, मग तिच्यावरची, मग तिच्यावरची, अशी उतरंड रचल्यासारखी परत भरायची आणि दर थर पायानं दाबायचा. गुरमेल घड्याळ दाखवायचा. अंधारायच्या आत परतायचं असे. हे हलायचे नाहीत. "नदीनं एकेक थर अंथरला आहे. आमच्या काळीत काही उकरलं तर काही वर्षांनी पत्ता लागत नाही, ती सगळं घोळून टाकते. इथली माती तसं करत नाही."

त्या हिवाळ्यात ते मला खरड शहराच्या पुढच्या एका गावी घेऊन गेले. "जिनं रेष ओढायची तिनं एकदा तरी खड्ड्यात उतरलं पाहिजे," हे त्यांचं म्हणणं. गहू घोट्याएवढा झाला होता. टिंब पडलं होतं गावच्या गायरानात, 'चो'च्या काठी. पावसाळी ओढ्याला तिकडे चो म्हणतात. गावातले दोन मजूर घेतले. जागा दाखवल्यावर ते दोघं एकमेकांकडे बघू लागले.

डॉक्टरसाहेबांनी आधी गिरमिट फिरवलं. निघालेली माती गोणपाटावर ओळीनं मांडली. खाली सापडायला हवेत ते चुनखडीचे खडे अगदी वरच निघाले. हातभर खोलीवरून काळपट माती आली आणि तिच्यात गवताच्या मुळ्या. त्यांनी दोन पावलं बाजूला गिरमिट लावलं. तिथं सगळं जिथल्या तिथं. पुन्हा अलीकडे, पुन्हा पलीकडे. गिरमिटानं त्यांनी त्या जागेची लांबी-रुंदी चाचपली. तेवढ्या तुकड्यातच माती मोडलेली होती.

"अरंट," ते हळूच म्हणाले.

"इथं कुणाची क्वार्टर होणार होती?" मी थट्टेनं विचारलं. ते हसले नाहीत. मग मला त्या तुकड्याचा आकार दिसला: माणूस आडवा मावेल एवढा.

गुरमेलला माझ्या आधी कळलं होतं. "साबजी," तो म्हणाला, "दस कदम उधर ले लो. बेटी साथ है."

डॉक्टरसाहेबांनी माझ्याकडे पाहिलं, जीपकडे पाहिलं, मजुरांकडे पाहिलं. आणि खड्डा सरकवला. पलीकडे, ओढ्याच्या बाजूला. चांगला, सरळ थरांचा खड्डा झाला तो. मी उतरले, त्यांनी मला थर दाखवले, पण त्यांचा आवाज पढवल्यासारखा येत होता.

एक बाई सकाळपासून बांधावर बसून हे सगळं बघत होती. साठीची असेल. डोक्यावर पांढरी ओढणी. काम आटोपल्यावर ती उठून आली.

"की लभदे ओ, पुत्त?" काय शोधताय, बाळा?

"मिट्टी देखते हैं, माताजी. सरकारी काम है."

"मिल गई?"

"हां जी. अच्छी मिट्टी है."

तिनं हनुवटीनं ती पहिली जागा दाखवली. "ते ओह थां क्यों छड्ड दित्ती? पहलां तां मशीन ओत्थे लाई सी." ती जागा का सोडलीत? आधी तर यंत्र तिथंच लावलं होतंत.

"कुछ नहीं, माताजी. ऐसे ही."

 मग ती जे बोलली ते मी आजही तिच्याच शब्दांत ऐकते. "सारा पिंड ओस थां तों वल पा के लंघदा है. डंगर वी नहीं चारदे. तुसीं तां बाहरले सी." अख्खा गाव त्या जागेला वळसा घालून जातो, गुरंसुद्धा चारत नाही. तुम्ही तर बाहेरचे होता.

तिचा मुलगा हरजीत चंदीगडला शिकत होता. वर्षापूर्वी सुटीत घरी आला असताना पहाटे एक गाडी आली आणि त्याला घेऊन गेली. अंगावर वर्दी होती, पण वर्दी तेव्हा कोणीही चढवत असे, ह्या बाजूचे आणि त्या बाजूचेही. चौकीत तिला सांगितलं, तुझा मुलगा फरार आहे. ती रोज गायरानाच्या बांधावर येऊन बसायची. कोणी तिच्याशी बोलत नव्हतं. हे सगळं तिनं न रडता सांगितलं. डॉक्टरसाहेबांनी हात जोडले आणि आम्ही जीपमध्ये बसलो.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला कागद दिला. माती अस्टोक्रेप्ट, पंजाबातली नेहमीची. मी रेष ओढायला घेतली तर माझ्या पाठीशी येऊन उभे राहिले. "ओढू नको," म्हणाले. "माती खरी आहे, पण जागा खोटी आहे." आणि कागद परत घेऊन गेले. चहाचा ग्लास टेबलावर तसाच, रंग न बघता.

रविवारी मी त्यांच्याकडे जेवायला असायची. त्या रविवारी भाकरी मोडून ते नुसते बसले होते. काकूंनी विचारलं तेव्हा त्यांनी सगळं सांगितलं. मला वाटलं काकू देव पाण्यात ठेवतील. त्यांची मुलगी नागपूरला कॉलेजात होती. इथं ही दोघंच.

"त्या बाईले तुम्ही खोटं सांगितलं?" काकूंनी विचारलं.

"हो."

"मग आता ताटावर बसून काय होते? जा न परत."

"तुला भेव नाही वाटत?"

"वाटते न. रोज तुम्ही घरी येईपर्यंत वाटते. पण हे असं तोंड मी किती दिवस पाहू?" आणि त्यांनी ताटात आमटी वाढली. डॉक्टरसाहेब जेवले.

आमच्या वरिष्ठांनी विचारलं की एकदा झालेला खड्डा परत कशाला? ते म्हणाले, "चुकीच्या जागी झाला. टिंबावर घ्यायचा राहिला." हे तर खरंच होतं. वरिष्ठांनी सही केली. त्या वर्षांत त्या भागात दिवसाउजेडी, सगळ्यांसमोर जमीन खणायचा परवाना असलेला बहुधा हा एकच वेडा माणूस होता. ह्या वेळी त्यांनी मला नेलं नाही. मी भांडले, तरी नेलं नाही. पुढचं मला गुरमेलनं सांगितलं, ऑफिसच्या पायऱ्यांवर बसून, पगडीच्या टोकानं डोळे पुसत.

आधी ते त्या बाईच्या घरी गेले. "माताजी, उस दिन मैंने झूठ बोला. वहां किसी ने खोदा है, हल से गहरा, और जल्दी में भरा है. मिट्टी इतना ही बताती है. किसने, क्यों, यह नहीं बताती." ती म्हणाली, "मैनूं पता सी, पुत्त." मला माहीत होतं, बाळा. मग तिला घेऊन ते सरपंचाकडे गेले आणि त्यालाही बरोबर घेतलं. गाव लांबून बघत होता. मजूर येईनात, तेव्हा गुरमेल आणि डॉक्टरसाहेबांनी मिळून खणलं. वेगवेगळ्या थरांसाठी गोणपाटं अंथरली होती, पण वेगळं काढण्यासारखं काही नव्हतंच. शेवटची वीतभर माती त्यांनी थापीनं, एकट्यानं काढली.

स्वेटर निघाला. तो तिनंच विणलेला. मुलगा वाढला म्हणून बाह्यांना खाली दुसऱ्या रंगाची लोकर जोडलेली होती. तिनं ती बाही हातात घेतली. 

चौकीतले लोक आले. जे सापडलं ते कापडात बांधून घेऊन गेले, आणि डॉक्टरसाहेबांनाही घेऊन गेले. संध्याकाळपर्यंत एकच प्रश्न: तुम्हाला कुणी सांगितलं? आणि ह्यांचं एकच उत्तर: मिट्टी ने. अधिकाऱ्यानं टेबलावर हात आपटला. ह्यांनी त्याला अरंट समजावून सांगितलं. 'अर' म्हणजे काय, 'एन्ट' कुठून आलं, नांगर किती खोल जातो, नदी थर कसे अंथरते. लॅटिनसकट. कागद मागून आकृती काढून दिली. शेवटी त्या अधिकाऱ्यानं गुरमेलला बाहेर बोलावलं आणि विचारलं, "एह बंदा ठीक है?" ह्या माणसाचं डोकं जागेवर आहे ना? गुरमेल म्हणाला, "नहीं जी. शुरू तों ही एदां है." पहिल्यापासूनच असा आहे म्हणून सांगितलं आणि सोडवून आणलं. आयुष्यभर ज्याची थट्टा झाली त्या वेडानंच त्यांचा जीव वाचवला, असं मला तेव्हा वाटलं आणि आजही वाटतं.

स्वेटरवरून ओळख पटत नाही, असे स्वेटर घरोघरी विणतात, असं त्या बाईला चौकीत सांगण्यात आलं. ती चपला झिजवत राहिली. एक दिवस कळलं की शहरातल्या स्मशानात लावारिस म्हणून सगळं जाळून झालंय. राख विचारली. तिथं अशा पुष्कळांना एकत्र जाळलं होतं. ते ऐकल्यावर डॉक्टरसाहेब दिवसभर आपल्या खोलीचं दार लावून बसले. मी चहा घेऊन गेले तर म्हणाले, "आपण खणलं नसतं तर निदान त्याच्याच गावात होता तो." मी त्यांच्यावर ओरडले. साहेबांवर ओरडायची माझी ती पहिलीच वेळ. म्हटलं, "ती त्या बांधावर बसून बसून मेली असती! तिला कळलं तरी!" त्यांनी मान हलवली, पण पटल्यासारखी नाही.

बदलीचा हुकूम आला. ईशान्येला, कुठल्याशा डोंगराळ भागात. कारण लिहिलं नव्हतं. काकूंनी सामान बांधायला घेतलं. निघायच्या आधी त्या बाईनं गुरमेलबरोबर निरोप पाठवला, एकदा येऊन जा. ह्या वेळी मीही गेले, काकूही आल्या. 

खड्डा तसाच उघडा होता. कोणी बुजवायला धजावलं नव्हतं. ती काठावर वाट बघत उभी होती. हातात धुतलेली, घडी घातलेली नवी ओढणी.

शीख लोक दहन झालेल्या माणसाच्या अस्थी कीरतपूरला नेऊन सतलजमध्ये सोडतात. अस्थींना ते 'फुल्ल' म्हणतात, फुलं. ती म्हणाली, मला माझ्या मुलाची फुलं मिळाली नाहीत. पण वर्षभर तो ह्या मातीत होता. मग तिनं ओढणी उलगडून काठावर पसरली आणि डॉक्टरसाहेबांना म्हणाली, "तुसीं मिट्टी पछाणदे हो. दस्सो, एहदे विचों मेरे पुत्त दी केहड़ी है?" तुम्हाला माती ओळखता येते. सांगा, ह्यातली माझ्या मुलाची कुठली?

मी काकूंचा हात धरला. ह्या माणसानं माती जेवढं सांगते त्याच्या पलीकडे कधी एक शब्द उच्चारला नव्हता. आता हे 'मिट्टी इतना नहीं बताती' म्हणणार, आणि त्या बाईकडे मला बघवणार नाही, असं मला वाटलं.

त्यांनी बूट काढले. पँटचे पाय दुमडले आणि खड्ड्यात उतरले. तळाशी गुडघ्यांवर बसून भिंतीवरून, तळावरून हात फिरवू लागले. एक ढेकूळ उचलून बोटांत चुरडायचे, वास घ्यायचे, बाजूला ठेवायचे. दुसरं उचलायचे. एक काळसर पट्टा होता, तिथं ते बराच वेळ थांबले. त्या मातीत ते खरंच कळण्यासारखं होतं की नव्हतं, मला माहीत नाही. मी त्यांना कधीच विचारलं नाही. मग ओंजळ भरून त्यांनी वर केली.

"यह है, माताजी."

मी वाकून ती ओंजळ घेतली आणि ओढणीत ठेवली. त्यांनी दुसरी दिली. तिसरी दिली. खडा आला की वेगळा काढायचे, मुळी आली की झटकायचे. तांदूळ निवडावेत तसं चाललं होतं. काकू आणि मी ओंजळी वर घेत होतो, गुरमेल पाठ फिरवून उभा होता.

"और?" त्यांनी खालून विचारलं.

"बस, पुत्त."

तिनं ओढणीची चारही टोकं बांधली. ते गाठोडं दोन्ही हातांवर घेतलं, थोडं वरखाली करून पाहिलं, आणि खड्ड्यात वाकून त्यांना म्हणाली, "जम्मेया सी, तां ऐन्ना कु ही सी."

जन्मला तेव्हा एवढाच होता.